सिमेंटचा सोफा, मातीचे छत : वेरूळजवळच्या एका शेतघरातील दोन रात्री

छत्रपती संभाजीनगरहून निघून खुलताबादच्या पुढे मुख्य रस्ता सोडला आणि हे शेतघर आम्ही दोनदा ओलांडून गेलो, कारण रस्त्यावरून ते दिसतच नाही. दिसतो तो काढलेल्या मक्याच्या खुंटांपलीकडचा एक बुटका, गवताळ उंचवटा, ज्यावर त्या दिवशी दोन शेळ्या चरत होत्या. तिसऱ्या खेपेला त्या उंचवट्याला दार असल्याचे चालकाच्या लक्षात आले. खोली ठरवताना मालकांनी जे माहितीपत्रक पाठवले होते, त्यात ‘आइसलँडच्या आधुनिक वास्तुविशारद हॉग्ना सिगुर्दरदोत्तिर यांच्या घरावरून सुचलेले’ असे एक वाक्य होते, आणि मी लातूरहून एवढ्या लांब आले ती त्या एका वाक्यासाठी. एकतीस वर्षे सरकारी बांधकाम कार्यालयात आरेखक म्हणून काढल्यामुळे दुसऱ्यांच्या इमारतींचे नकाशे वाचण्याची खोड अंगात मुरली आहे. हॉग्नाबाईंच्या एका घराचा आडवा छेद मी फार पूर्वी एका मासिकात पाहिला होता आणि तो विसरले नव्हते. तेव्हा जेवण कसे, चादरी कशा, हे ओघात येईलच. पण ते वाक्य कितपत खरे उतरले, हे मला आधी सांगायचे आहे.

त्यासाठी हॉग्नाबाई कोण, हे थोडे सांगणे भाग आहे. १९२९ साली आइसलँडच्या दक्षिण किनाऱ्याजवळच्या वेस्टमन बेटांवर त्यांचा जन्म झाला. ही बेटे म्हणजे ज्वालामुखीने समुद्रातून वर काढलेले खडक, त्यातल्या एकावरच काय ती वस्ती, आणि व्यवसाय मासेमारीचा. तिथून ही मुलगी १९४९ च्या सुमारास पॅरिसला गेली आणि तिथल्या नामांकित एकोल दे बोझार या कलाशाळेत वास्तुकला शिकली. १९६० मध्ये पदवी घेताना त्यांनी जो प्रकल्प सादर केला तो राजवाड्याचा किंवा नाट्यगृहाचा नव्हता. ह्वेरागेर्दी नावाच्या गावात जमिनीतून निघणाऱ्या गरम पाण्यावर काचघरे तापवून भाजीपाला पिकवतात, तिथल्या एका बागायतदाराच्या राहत्या घराचा तो आराखडा होता. पॅरिसच्या शाळेत बसून गावाकडच्या शेतकऱ्याचे घर काढणे, ही गोष्ट मला त्यांच्या पुढच्या सगळ्या कामाची किल्ली वाटते. त्याच वर्षी वेस्टमन बेटांवर त्यांनी आखलेले एक घर उभे राहिले, आणि आइसलँडमध्ये स्त्रीने आखलेली ती पहिली वास्तू मानली जाते. पुढे त्या राहिल्या आणि व्यवसाय केला तो पॅरिसमध्येच. मायदेशी त्यांची घरे मोजकीच आहेत, राजधानी रेक्याविक, कोपावोगुर आणि गार्दाबायर या एकमेकांना लागून असलेल्या गावांत ती विखुरली आहेत, आणि त्यातही ज्या एका घरामुळे त्यांचे नाव टिकले ते गार्दाबायरमधले, बाक्काफ्लॉत रस्त्यावरचे, १९६८ साली पुरे झालेले. २००० साली उत्तर आणि मध्य युरोपातल्या विसाव्या शतकातील शंभर महत्त्वाच्या वास्तू निवडल्या गेल्या तेव्हा त्यात हे एका कुटुंबाचे राहते घर होते. १९९२ मध्ये फ्रान्सच्या वास्तुकला अकादमीने त्यांना सदस्य करून घेतले. २०१७ च्या फेब्रुवारीत त्या गेल्या.

शेतघराच्या बोळात मालकांनी बाक्काफ्लॉतच्या घराची छायाचित्रे चौकटीत लावली आहेत आणि खाली ‘सिगुर्दरदोत्तिर घराण्याची वास्तुकला’ असे लिहिले आहे. ही चूक मी लगेच दाखवून दिली. सिगुर्दरदोत्तिर म्हणजे सिगुर्दूरची मुलगी, एवढेच. ते घराण्याचे नाव नाही. तिकडे आडनावाचा व्यवहार जवळजवळ नाहीच, पंतप्रधानांनाही पहिल्या नावाने हाक मारतात. मी त्यांना हॉग्नाबाई म्हणते आहे ते म्हणूनच त्यांच्या रीतीला धरून आहे, ‘बाई’ तेवढे आपल्याकडचे. मालकांनी चूक मान्य करून दुसऱ्या दिवशी सकाळी ती पाटी उतरवली, हे त्यांच्या बाजूने नोंदवायला हवे.

आता घराकडे येते. बाक्काफ्लॉतच्या घराला भिंतींच्या कडेने मातीचे बांध घातलेले आहेत, त्यांवर गवत वाढते, आणि त्यामुळे घर जमिनीवर ठेवल्यासारखे न दिसता जमिनीतून वर उचलल्यासारखे दिसते. आत उघडे काँक्रीट आहे, ज्यावर सेंट्रिंगच्या फळ्यांच्या नसा तशाच राहू दिल्या आहेत. बसायची बाके, टेबल, न्हाणीतले टबसुद्धा त्याच काँक्रीटमध्ये जागच्या जागी ओतलेले आहे. मधोमध शेकोटी आहे आणि घर तिच्याभोवती मांडलेले आहे. पॅरिसमध्ये त्या शिकत होत्या तेव्हा वास्तुविशारद ल कॉर्बुझिए यांच्या उघड्या काँक्रीटचा बोलबाला होता. फ्रान्समधल्या मार्से शहरातली त्यांची मोठी निवासी इमारत १९५२ मध्ये पुरी झाली आणि त्याच हाताने पुढे आपले चंडीगड घडवले. हॉग्नाबाईंनी तो माल उचलला हे उघडच आहे. मात्र त्यांनी तो आपल्या आजीच्या घरात नेऊन ठेवला. आइसलँडची जुनी घरे दगडाच्या पायावर गवताच्या मुळ्यांसकट कापलेल्या मातीच्या ढेपा रचून बांधत, आत लाकडी सांगाडा, वर पुन्हा तीच हिरवी ढेप. झाडे फारशी नाहीत, लाकूड समुद्रातून वाहून येईल किंवा परदेशातून आणावे लागेल, अशी तऱ्हा. १९१५ साली रेक्याविकला मोठी आग लागली, त्यानंतर शहरात लाकडी घरांवर निर्बंध आले आणि काँक्रीट हेच देशाचे मुख्य बांधकाम होऊन बसले. १९५८ पासून आक्रानेस गावी देशाचा स्वतःचा सिमेंटचा कारखानाही चालू झाला. तेव्हा काँक्रीट ही हॉग्नाबाईंची परदेशी आवड नव्हती. ते त्यांच्या गावात रोज वापरले जाणारे सामान होते, आणि मातीचा बांध त्याहून जुना.

इतके वाचल्यावर मराठवाड्यातल्या कोणालाही आपले माळवद आठवेल. दगडी किंवा भेंड्याच्या भिंती, त्यांवर तुळया, तुळयांवर किलच म्हणजे बारीक लाकडांचा थर, त्यावर पाला आणि मग वीतभर किंवा हातभर माती, आणि दरवर्षी मृगाच्या आधी गावठाणातली पांढरी किंवा खारी माती आणून वरून दिलेला थर. शेतघराच्या मालकांची आजी अशाच घरात राहत असे. ते घर पडले, आणि त्या जागी पत्र्याचे शेड येण्याऐवजी हे घर आले. जेवताना मालकांनी हे सांगितले तेव्हा माझा त्यांच्याविषयीचा अर्धा संशय गेला, कारण हॉग्नाबाईंच्या घराची नक्कल करायला निघालेला माणूस आणि स्वतःच्या आजीच्या घराकडे हॉग्नाबाईंच्या वाटेने परत आलेला माणूस, यांत फरक आहे. मालक दोन्ही आहेत, आणि खोलीगणिक कधी हा वर येतो, कधी तो.

सगळ्यात चांगले जमले आहे ते छत. काँक्रीटच्या स्लॅबवर जवळजवळ फूटभर माती आहे, तिच्यावर पवना गवत आणि कडेला थोडी कोरफड. पहिल्याच संध्याकाळी मी विचारले की इथे वजनाचे गणित कोणी केले. हा प्रश्न विचारल्यावाचून मला त्या छताखाली झोप लागली नसती. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे भूकंपात किल्लारी आणि आसपासची गावे झोपेत असताना पडली, ती मातीच्या छतामुळे पडली असे सरसकट बोलले जाते. पण खरे कारण असे की हात-दोन हात जाडीच्या दगडी भिंती नुसत्या चिखलात रचलेल्या होत्या, त्यांना एकमेकींशी बांधून ठेवणारे काहीही नव्हते, आणि वर्षानुवर्षे थरावर थर चढून जड झालेले माळवद त्यांच्या डोक्यावर होते. भिंत सुटली की सगळे ओझे माणसांवर. त्यानंतरची काही वर्षे माझ्या टेबलावर पुनर्वसनाचे नकाशे होते, त्यामुळे माळवदाचे कौतुक करणाऱ्या लेखांवर माझा चटकन विश्वास बसत नाही. ओली माती एक फूट जाडीची असली तर चौरस मीटरला अर्ध्या टनाच्या आसपास भार येतो, आणि साध्या राहत्या खोलीच्या जमिनीला आपण माणसे-सामान धरून जेवढा भार मोजतो त्याच्या दुपटीहून हे जास्त आहे. मालकांनी कपाटातून नकाशे आणून समोर पसरले. कॉलम, बीम, स्लॅब यांची चौकट वेगळी, आणि दगडी भिंती नुसत्या भरावाच्या, चौकटीला लोखंडाने अडकवलेल्या. कॉलम-बीमच्या जोडावरच्या लोखंडी रिंगा एकमेकींच्या जवळ घेतलेल्या होत्या. सळया मी स्वतः मोजल्या नाहीत, पण कागदावर तरी हे घर विचार करून उभे केले आहे. हॉग्नाबाईंचे बेटही हादऱ्याबाहेरचे नव्हते. २३ जानेवारी १९७३ च्या रात्री त्या बेटावर जमीन फाटून ज्वालामुखी उसळला आणि पाच हजारांवर माणसे एका रात्रीत बोटींतून बाहेर काढली गेली. आदल्या दिवशीच्या वादळामुळे मासेमारीच्या सगळ्या बोटी बंदरात बांधलेल्या होत्या, म्हणून ते शक्य झाले. पुढे लाव्हारसावर महिनोन्महिने समुद्राचे पाणी मारून बंदर वाचवले, तरी शेकडो घरे गेली. अशा जमिनीवर वाढलेल्या बाईने घराला मातीत टेकवून बसवावे, याचे मला नवल वाटत नाही.

त्या छताखाली दुपारी बारा ते चार या वेळेत खोली खरोखर गार होती. आम्ही गेलो ते होळीच्या आठवड्यात. बाहेर ऊन चांगलेच चटके देत होते, आत पंखा मंद ठेवून पांघरूण न घेता झोपता आले. पहाटे मात्र चादर लागली. ज्यांनी पत्र्याखाली मराठवाड्याचा उन्हाळा काढला आहे, त्यांना याचे मोल वेगळे सांगायला नको.

बैठकीच्या खोलीबद्दल मात्र मला तक्रार आहे. तिथे काँक्रीटचा बारा फूट लांब सोफा आहे. जवळून पाहिला तर काम देखणे आहे: फळ्यांचे सांधे सरळ रेषेत, आंब्याच्या लाकडाच्या रेषा आणि एका ठिकाणी गाठीचा गोल ठसा इतका स्वच्छ उठला आहे की बोट फिरवावेसे वाटते, कोपरा मात्र एक फुटला असून तिथे खडी उघडी पडली आहे आणि सिमेंटच्या पाण्याने केलेली डागडुजी लपत नाही. सेंट्रिंगवाला कन्नडचा होता, असे मालक अभिमानाने सांगतात, आणि तो अभिमान रास्त आहे. अडचण वेगळीच आहे. सोफ्याच्या बरोबर वर छताला चार फूट बाय चार फुटांची काच बसवली आहे. उत्तरेच्या देशात वरून येणाऱ्या उजेडाची हाव समजू शकते. रेक्याविकला डिसेंबरात भर दुपारी सूर्य क्षितिजावर जेमतेम तीन अंश चढतो आणि ऐन जूनमध्येही पन्नास अंशांच्या आतच राहतो. वेरूळला तो मे महिन्याच्या तिसऱ्या आठवड्यात नेमका डोक्यावर येतो, आणि मार्चमध्येही फार मागे नसतो. परिणामी दुपारी साडेबाराला उन्हाचा एक चौकोन सोफ्यावर उतरतो, हळूहळू सरकतो, आणि तो निघून गेल्यावरही काँक्रीट रात्री नऊपर्यंत भाकरी उतरवलेल्या तव्यासारखे धग सोडत राहते. आमच्या यजमानांनी, म्हणजे माझ्या पतींनी, जेवणानंतर तिथे पाठ टेकली आणि दोन मिनिटांत ओसरीवरच्या बाजेवर जाऊन पडले. माळवदालाही वरून उजेड येतो, पण तो सान्यातून, आणि सानं वीत-दीड वीत रुंद असतं, पावसाचं झाकताही येतं. आजीने ज्या भोकाचे माप उन्हाला विचारून ठरवले होते ते सोडून मालकांनी इथे काचेच्या दुकानातले तयार माप आणले, असे माझे मत झाले आणि ते मी त्यांना बोलूनही दाखवले.

मधल्या शेकोटीचेही तसेच. बाक्काफ्लॉतच्या घरात घराचे माणूस आगीपाशी येते, कारण बाहेर वारा आणि अंधार आहे. आपल्याकडे जुन्या वाड्यात माणूस चौकापाशी येतो, कारण तिथे आभाळ आणि वारा आहे. या घरात मध्यभागी शेकोटी आहे, चौक नाही. पौषात ती बरी वाटत असेल. फाल्गुनात तिच्यात वाळलेल्या गवताची फुलदाणी ठेवलेली होती.

न्हाणीघरात पाऊल टाकल्यावर मला हसू आले. दगडी लादीच्या पातळीखाली उतरणारे काँक्रीटचे टब, दोन पायऱ्या, कडेला बसायला कट्टा, सगळे एकाच ओतीव कामातले. वेरूळच्या सोळाव्या लेण्यात कैलास जसा वरून खाली कोरत आणला तसे हे कोरल्यासारखे दिसते, हे ओतलेले आणि ते कोरलेले एवढाच काय तो भेद. दगडही तसे एकाच जातीचे, बेसाल्टचे; आपला साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा, आइसलँडचा त्यामानाने कालपरवाचा. पण त्या टबच्या काठावर एक सुबक पाटी होती: ‘कृपया टब भरू नये.’ साडेतीनशे लिटर पाणी लागते, आणि एप्रिलपासून इथे टँकर येतो. आम्हाला दोन बादल्या गरम पाणी मिळाले, ते त्या टबात उभे राहून अंगावर घ्यायचे. जमिनीतून वाफाळते पाणी फुकट वर येणाऱ्या देशातली गोष्ट जमिनीत पाचशे फूट भोक पाडूनही कोरडे राहणाऱ्या तालुक्यात आणली की तिचे असे होते. मालकांनी कधीकाळी टबचे पाणी छतावरच्या गवताला देण्याची सोय करावी, निदान मग ते भरण्याला काही अर्थ राहील.

त्याच न्हाणीघराच्या मागच्या भिंतीला ओल आहे. चुन्याचे पोपडे सुटले आहेत आणि पहिल्या रात्री कुबट वास आला. भिंतीला बाहेरून मातीचा बांध लावायचा तर आधी भिंतीवर डांबरी लेप, मग गिट्टीचा उभा थर आणि तळाशी पाणी वाहून नेणारा छिद्रांचा पाइप हवा. मला दिसले त्यावरून इथे लेप आहे, गिट्टी नाही. एक पावसाळा झाला आहे, दुसऱ्यात हे वाढेल. कोणत्या कंत्राटदाराने केले ते मी विचारले नाही.

जेवणाबद्दल तक्रारीला जागाच नाही. मालकांच्या आई स्वतः चुलीशी असतात. येसराची आमटी, ज्वारीची भाकरी, ओल्या कांद्याची पात घातलेले पिठले, दुसऱ्या सकाळी धपाटे आणि घट्ट दही. होळीला पुरणपोळी होती आणि तिच्याबरोबरच्या कटाच्या आमटीला मी तीनदा वाटी पुढे केली. मधुमेह असल्याचे सांगितले तर माझ्या यजमानांसाठी पुरणाऐवजी वेगळी खपली गव्हाची पोळी निघाली. एका रात्रीचे दोघांचे जेवणासह साडेचार हजार रुपये घेतात. वेरूळच्या आसपासच्या दराच्या मानाने हे जास्त आहे, पण या घराच्या छतासाठी आणि या आमटीसाठी मी पुन्हा देईन. टबसाठी देणार नाही. रात्री वीज गेली तेव्हा जनरेटरऐवजी कंदील आले, आणि डास मात्र कंदिलाला जुमानत नाहीत, तेव्हा मच्छरदाणी मागून घ्यावी. उशा कापसाच्या आणि कडक आहेत. गुडघ्यांचा त्रास असणाऱ्यांनी दारातल्या पाच पायऱ्यांची आधी चौकशी करावी, कठडा एकाच बाजूला आहे.

दुसऱ्या संध्याकाळी मालकांच्या आई आमच्यासोबत ओसरीवर बसल्या होत्या. बोळातल्या चित्रांतले घर आखणाऱ्या बाईंविषयी त्यांनी मला विचारले. मी सांगितले की ही बाई बेटावरून शिकायला परदेशी गेली, तिथेच राहिली, आणि गावाकडे थोडीच पण गावासारखी घरे बांधली. त्यांना त्यात काही विशेष वाटले नाही. त्यांनी एवढेच विचारले की नकाशावर सही तिची स्वतःची असायची का. हो, तिचीच, असे मी म्हणाले. माझ्या नोकरीत नकाशे मी काढत असे, सही दुसऱ्यांची असे, आणि खालच्या कोपऱ्यात माझी दोन आद्याक्षरे. ते कोपरे आता कोणत्या गठ्ठ्यात असतील कोण जाणे. हॉग्नाबाईंच्या देशातही १९६० पर्यंत एका स्त्रीचे नाव घराच्या नकाशावर यायचे राहिले होते, हे त्यांना सांगितले तेव्हा त्या म्हणाल्या, “मग लई लांबचा देस नाही तो.”

निघण्यापूर्वी मालकांनी एका वहीवर छताच्या त्या काचेचे चित्र काढून घेतले आणि तिच्यावर सरकते लाकडी झाकण कसे बसवता येईल ते विचारले. मी दोन्ही बाजूंना घसरपट्टी, पाण्यासाठी चार बोटांचा उंच काठ आणि ओढायला खालून दोरी, असे काढून दिले. त्यांच्या आजीच्या घरातले सानं दगडी पाट ठेवून झाकत असत, हे त्यांना तेव्हा आठवले. झाकण मृगाच्या आधी बसवणार आहेत. बसले की छायाचित्र पाठवतो म्हणाले आहेत.